शून्यागारातला आवाज

इगतपुरीच्या धम्मगिरीत पाचव्या दिवशी मला शून्यागार मिळालं. पगोड्यातला अरुंद बोळ, ओळीने दारं, दारांवर क्रमांक. माझी खोली एक माणूस मांडी घालून बसला की भरून जाईल एवढी. दार ओढून घेतलं, उजेड मागे राहिला, आणि ज्यासाठी मी आलो होतो ती शांतता मिळाली. मिनिटभर असेल.

मग कान वाजायला लागला.

खरं तर तो वाजतच असतो. बावीस वर्षं मी छापखान्यात रोटरीच्या शेजारी काढली. मशीन सुरू झालं की समोरच्याचं बोलणं ओठांवरून ओळखायचं, ही आम्हा सगळ्यांची सवय. निवृत्तीच्या आधी डाव्या कानात एक बारीक, उंच सूर येऊन बसला. रातकिड्यासारखा, पण रातकिडा मधे दम घेतो, हा घेत नाही. डॉक्टरांनी समजावून सांगितलं. कानाच्या आत, शंखासारख्या वळलेल्या नळीत केसांसारख्या नाजूक टोकांच्या पेशी असतात. मोठ्या आवाजाने त्या मरतात आणि माणसाच्या कानात त्या पुन्हा तयार होत नाहीत. ज्या सुरांची खबर येणं बंद होतं, ते ऐकण्यासाठी मेंदू कान टवकारत राहतो आणि त्याला स्वतःचीच हालचाल ऐकू येऊ लागते, असं मानतात. जाताना ते म्हणाले, "रात्री पंखा चालू ठेवत जा. अगदी शांत खोलीत झोपू नका."

हे मला फार लागलं. आयुष्यभर आवाजात राहिलेल्या माणसाने म्हातारपणासाठी थोडी शांतता राखून ठेवलेली असते. तीच गेली होती.

म्हणून इथे आलो. सत्यनारायण गोएंका 1969 मध्ये ब्रह्मदेशातून विपश्यनेची ही साधना घेऊन भारतात आले आणि 1976 मध्ये डोंगराच्या कुशीत हे केंद्र सुरू झालं. दहा दिवसांचं शिबिर, पहाटे चारला घंटा, आणि आर्य मौन. आर्य मौन म्हणजे नुसतं तोंड बंद नव्हे. खुणा नाहीत, नजरेला नजर नाही, कागदपेन नाही. शेजारच्या पलंगावरच्या माणसाचे पाय मी ओळखू लागलो होतो, चेहरा नाही. शून्यागार हा शब्दही इथे नव्याने घडवलेला नाही. ध्यानासाठी अरण्यात, झाडाखाली किंवा रिकाम्या घरात जा, असं बुद्धांनी भिक्षूंना सांगितलं. त्यातलं रिकामं घर ते हे. कान्हेरीच्या लेण्यांत भिक्षूंसाठी कातळात कोरलेल्या बुटक्या खोल्या आणि दगडी ओटे मी तरुणपणी सहलीला गेलो तेव्हा पाहिले होते. तेव्हा वाटलं होतं, इथे किती गप्प गप्प असेल.

आता माझ्या रिकाम्या घरात तो सूर भिंतींना लागून परत येत होता. सहाव्या दिवशी दुपारी आचार्यांना विचारायची वेळ असते, तेव्हा गेलो. म्हटलं, मला शांतता ऐकूच येत नाही, मी बसून काय करू? ते म्हणाले, "आवाज जावा म्हणून बसू नका. तो नको असं वाटतं तेव्हा अंगात कुठे काय होतं, तेवढं बघा." बघितलं. जबडा घट्ट आवळलेला होता. खांदे कानांपर्यंत चढलेले. कितीतरी महिने ते तसेच असणार. आवाजाचा त्रास थोडा होता, त्याच्याशी चाललेल्या भांडणाचा जास्त.

पुढे घरी येऊन मी या विषयावरचं मिळेल ते वाचलं. जॉन केज हा अमेरिकन संगीतकार 1951 च्या सुमारास हार्वर्ड विद्यापीठातल्या निःशब्द खोलीत गेला होता. आवाज गिळून टाकणाऱ्या भिंतींची ती खोली. त्याला दोन आवाज ऐकू आले, एक उंच, एक खालचा. आणि 1953 मध्ये हेलर आणि बर्गमन या संशोधकांनी कान चांगले असलेल्या 80 जणांना आवाजबंद खोलीत बसवलं, तर त्यांतल्या 94 टक्के लोकांना काही ना काही ऐकू आलं. शिट्टी, गुणगुण, भुणभुण. हे वाचून मी कितीतरी वेळ पुस्तक मिटून बसलो. ज्याला मी माझं एकट्याचं दुखणं समजत होतो, ते थोडंथोडं सगळ्यांच्याच आत असतं. त्यांच्यावर जगाचा आवाज पांघरलेला असतो, इतकंच.

पण याचा पहिला सुगावा मला वाचनातून लागला नव्हता.

दहाव्या दिवशी सकाळी मैत्रीची साधना झाली आणि मौन सुटलं. एकदम उसळलेला तो शंभर गळ्यांचा कल्लोळ मला सोसेना. मी पाण्याच्या नळाकडे सरकलो. तिथे ते पाय उभे होते. वर पाहिलं तर निफाडकडचे एक द्राक्षबागाईतदार, साठीचे, उन्हाने रापलेले. शून्यागारातही ते माझ्या शेजारच्याच खोलीत बसत. मी विचारलं, "आत तुम्हाला काही ऐकू यायचं का हो?"

त्यांनी ओंजळीतलं पाणी सोडून दिलं.

"मोटार," ते म्हणाले. "मळ्यातली मोटार चालू राहिल्यासारखी. लांबून. दोनदा तर बंद करायला उठत होतो." मग माझ्याकडे नीट बघत त्यांनी विचारलं, "तुमच्या कोणत्या कानात?"