राहात्याहून कोपरगाव: राघोबादादांचा शेवटचा मुक्काम

अटकेपार झेंडे लावल्याचे श्रेय ज्यांच्या नावावर जमा आहे, त्या रघुनाथराव ऊर्फ राघोबादादा पेशव्यांची अखेर कोपरगावी झाली. राहात्याहून मनमाड रस्त्याने निघाले की पेरूच्या बागा मागे पडतात, शिर्डीची गर्दी ओलांडावी लागते आणि वीसेक किलोमीटरवर गोदावरी येते. राघोबादादांचा वाडा तिच्याच काठी आहे. जवळच्या हिंगणीलाही त्यांचा एक वाडा होता.

थोरल्या बाजीरावांचे हे पुत्र 1734 साली माहुलीस जन्मले. एप्रिल 1758 मध्ये त्यांनी लाहोर घेतले. अटकेला मात्र ते स्वतः गेले नाहीत. तिथवर धडकल्या त्या तुकोजी होळकर आणि साबाजी शिंदे यांच्या फौजा. मोहिमेतून पैशाऐवजी कर्ज आले, आणि त्यावरून चुलतभाऊ सदाशिवरावभाऊंशी खटके उडाले.

कोपरगावाहून बरेच खाली, याच गोदावरीकाठी राक्षसभुवन आहे. 10 ऑगस्ट 1763 रोजी दादा आणि त्यांचे पुतणे थोरले माधवराव पेशवे यांनी मिळून तिथे निजामाच्या फौजेचा पराभव केला. त्याचा दिवाण विठ्ठल सुंदर मारला गेला. पुढे जून 1768 मध्ये त्याच पुतण्याने धोडपला काकांना हरवले आणि शनिवारवाड्यात नजरकैदेत ठेवले.

माधवरावांनंतर पेशवे झालेल्या नारायणरावांचा 30 ऑगस्ट 1773 रोजी खून झाला. न्यायाधीश रामशास्त्र्यांनी दादांना दोषी धरले, बारभाई कारभारी त्यांच्यावर उलटले. मार्च 1775 मध्ये सुरतेस तह करून दादांनी फौजेच्या मदतीसाठी साष्टी आणि वसई इंग्रजांना देऊ केली. रोमन आख्यायिकेतला कोरिओलेनसही शत्रूची फौज घेऊन आपल्याच शहरावर चालून गेला होता. पण आईने विनवताच तो परतला. दादा परतले नाहीत. जानेवारी 1779 मध्ये ते इंग्रजांसह पुण्याच्या रोखाने आले आणि वडगावला ती फौज कोंडली गेली. तलवारीला धार होती, पण मसलतीला धीर नव्हता.

17 मे 1782 च्या सालबाईच्या तहात इंग्रजांनी त्यांचा पक्ष सोडला. दरमहा 25,000 रुपयांची नेमणूक आणि राहण्याचे ठिकाण निवडण्याची मुभा, एवढेच पदरात पडले. त्यांनी कोपरगाव निवडले. डिसेंबर 1783 मध्ये ते वारले. धाकटे पुत्र चिमाजी आप्पा त्यानंतर जन्मले. थोरले पुत्र दुसरे बाजीराव 1796 मध्ये पेशवे झाले आणि 31 डिसेंबर 1802 रोजी त्यांनीही इंग्रजांशी तह केला, तोही वसईतच.