ओबासानची कुंडी

पुण्याच्या आमच्या वाड्यात तुळस, जास्वंद आणि कोपऱ्यातली अबोली एवढीच बाग. पावसाळा संपला की आई कात्री घेऊन जास्वंदीवर तुटून पडायची आणि जास्वंदही बिचारी पुन्हा फुलायची. तेवढ्या भांडवलावर मी टोकियोत स्वतःला बागवान समजत होते.

इथे वसंतात रस्त्याच्या कडेलासुद्धा अझेलियाची गुलाबी-पांढरी कुंपणं फुलतात. जपानी लोक त्याला 'त्सुत्सुजी' म्हणतात. नेझू देवळाच्या उतारावर तर सुमारे १०० जातींची ३००० झुडपं आहेत. एप्रिलच्या उत्तरार्धात जरूर पाहून या. त्याचंच उशिरा फुलणारं भावंड म्हणजे 'सात्सुकी'. जुन्या पंचांगातल्या पाचव्या महिन्याचं हे नाव.

शेजारच्या ओबासान मुलीकडे राहायला गेल्या, तेव्हा नवऱ्याच्या हातची सात्सुकीची कुंडी माझ्या हवाली करून गेल्या. "जपा हं," एवढंच म्हणाल्या. मी जपलं! दिवाळीच्या साफसफाईत वेड्यावाकड्या फांद्या छान गोल कापून काढल्या. जून उजाडला, झुडूप हिरवंगार, पण फूल एकही नाही. आणि नेमक्या तेव्हाच ओबासान मुलीबरोबर फुलं बघायला आल्या. धरणीनं पोटात घेतलं तर बरं, असं मला झालं.

त्यांनी एक डहाळी हातात धरली, कापल्याच्या खुणा पाहिल्या आणि शांतपणे समजावलं. पुढच्या वर्षीच्या कळ्या उन्हाळ्यातच फांदीच्या टोकाशी धरतात. म्हणून छाटणी करायची ती फुलं ओसरल्या ओसरल्या. दिवाळीत मी फांद्या नव्हे, कळ्याच कापल्या होत्या! मुळं केसासारखी बारीक आणि वरच्या वर असतात; तेव्हा कुंडी सुकू द्यायची नाही, पाणी तुंबूही द्यायचं नाही. माती आम्लधर्मी हवी. त्यासाठी तोचिगीची कानुमा माती उत्तम. ओली असली की पिवळी, सुकली की पांढुरकी. पाणी कधी घालायचं ते तीच सांगते. आपल्याकडे झाडांना राख घालतात, ती मात्र इथे मुळीच चालत नाही.

"राइनेन," निघताना त्या म्हणाल्या. म्हणजे पुढच्या वर्षी.

ऐंशी उलटलेल्या बाईंनी ते इतक्या सहज म्हणावं, याचीच मला धास्ती वाटली. पुढच्या मे महिन्याच्या अखेरीस फुलं उमलली, तशी कुंडी मांडीवर घेऊन मी लोकलने त्यांच्याकडे गेले. त्या कितीतरी वेळ नुसत्या बघत राहिल्या. मग आत जाऊन नवऱ्याची छोटी कात्री घेऊन आल्या आणि माझ्या हातात ठेवत म्हणाल्या, "फुलं ओसरली की, बरं का!"