सात दिवसांचा विलंब

करोल बागेत रेगरपुऱ्याच्या अरुंद गल्ल्यांतून सोने-चांदी गाळण्याचा व्यवसाय करणारे जे आपले सांगली जिल्ह्यातील बांधव वर्षानुवर्षे राहत आले आहेत, त्यांच्यापैकी एका गृहस्थांनी 1991 च्या हिवाळ्यात तीस हजारी न्यायालयाच्या आवारात माझ्यासमोर फडक्याची गाठ सोडली आणि परत आलेल्या मनीऑर्डरींचा गठ्ठा मेजावर ठेवला. प्रत्येक फॉर्मवर पोस्टमनच्या हातचा एकच शेरा होता: 'लेने से इनकार'. "वकीलसाहेब, एक पैसा बुडवला न्हाई," एवढेच ते पुनःपुन्हा म्हणत होते. आणि तरीही थकबाकीच्या कारणावरून बेदखलीचा हुकूम त्यांच्या हाती पडला होता.

दिल्लीचा 1958 चा भाडे नियंत्रण कायदा थकबाकीदाराला एकदम रस्त्यावर काढीत नाही. मागणीची नोटीस पोचल्यापासून दोन महिन्यांत भाडे चुकते न केल्यास मालकाला अर्ज करता येतो (महाराष्ट्राच्या 1999 च्या कायद्याने ही मुदत नव्वद दिवसांची केली). पुढे भाडे नियंत्रकाच्या आदेशाप्रमाणे भाडेकरूने महिन्याच्या आत बाकी भरली व चालू भाडे दरमहा पंधरा तारखेपर्यंत भरत राहिला, तर पहिल्या कसुरीची माफी मिळते. मात्र ही माफी एकदा घेऊन पुन्हा लागोपाठ तीन महिने भाडे थकविले, तर ती दुसऱ्यांदा मिळत नाही. आणि आदेशाप्रमाणे भरणा झाला नाही, तर नियंत्रक भाडेकरूचा बचावच रद्द करू शकतो.

आमच्या गृहस्थांचे नेमके तेच झाले होते. वडील वारले म्हणून ते गावी गेले, आणि त्या महिन्याचे भाडे पंधराऐवजी बावीस तारखेला भरले गेले. बचाव रद्द झाल्यावर उलटतपासणी व युक्तिवाद यांचा हक्क उरतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 1988 मध्येच स्पष्ट केले होते. परंतु स्वतःचा पुरावा देता येत नाही. नोटिशीच्या मुदतीत पाठविलेले ते पैसे नाकारल्याचे शेरे, ज्यांच्यावर सारा दावा उलटला असता, ते फडक्यातच बांधलेले राहिले.

अशा विलंबाला क्षमा करण्याचा अधिकार नियंत्रकाला नाही, असे 1977 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते. 1980 मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्यासमोर एका नोकरदार स्त्रीचे प्रकरण आले. तिने भाड्याचे पैसे वेळेवर आपल्या वकिलाकडे दिले होते, त्याने ते भरलेच नव्हते. बचाव रद्द करणे हे यांत्रिक कृत्य नव्हे, हेतुपुरस्सर कसूर असेल तरच ते योग्य, असा त्यांचा निर्वाळा मी आजही दिल्लीच्या भाडेकायद्यातील सर्वांत न्याय्य वचन मानतो. 1984 मध्ये विलंब माफ करण्याचा नियंत्रकाचा अधिकार निःसंदिग्धपणे मान्य झाला.

त्यानंतर 1988 च्या दुरुस्तीने अपिलाचे दार अरुंद केले: न्यायाधिकरणाकडे केवळ कायद्याच्या प्रश्नावर दाद, उच्च न्यायालयातील दुसरे अपील बंद, आणि पुढे संविधानाच्या अनुच्छेद 227 खालील पर्यवेक्षणाधिकार तेवढा शिल्लक. म्हणून वरच्या न्यायालयात आपली सारी हकीकत नव्याने ऐकली जाईल, या आशेने येणाऱ्या अशिलांना मी कळकळीने सांगत आलो, की कागद पहिल्याच न्यायालयात रुजू करा, आणि मालक भाडे घेत नसेल तर कलम 27 खाली ते नियंत्रकाकडे जमा करा.

तीस दिवसांच्या मुदतीत आम्ही अपील दाखल केले. मालकीणबाई फाळणीत रावळपिंडीहून आलेल्या, विधवा; वर्षानुवर्षे गोठलेल्या भाड्याबद्दलचा त्यांचा संताप मला कधीच अन्याय्य वाटला नाही. पण नियंत्रकाने विवेकाधिकार वापरलाच नव्हता, आणि हा प्रश्न कायद्याचा होता. न्यायाधिकरणाने सात दिवसांचा विलंब माफ करून प्रकरण परत पाठविले. फडक्यातील फॉर्मांवर अखेर निशाणी पडली.

पुढे ते गृहस्थ दरमहा दहा तारखेलाच चलन भरून त्याची प्रत माझ्याकडे आणून देत. वडिलांच्या वर्षश्राद्धाला गावी निघाले तेव्हा त्यांनी दोन महिन्यांचे भाडे आगाऊ भरले होते.