तिच्या हातांना काम काय?

मुरुडच्या मासळीबाजारात आईची पिशवी धरून वाढलेल्या मुलाला कॅलेंडरवरची कोळीण पटणं कठीण. सलूनच्या भिंतीवरची ती चापूनचोपून लुगडं नेसलेली, डोक्यावर पाटी. पण पाटीतून पाणी गळत नव्हतं आणि बोटं अगदी मऊसूत. बाजारातली मावशी बोलता बोलता हलव्याचे तुकडे पाडायची. मनगटाला खवले, बोटांवर जुने वार आणि घासाघीस केलीच तर मान वर न करता दिलेलं खणखणीत उत्तर. तरी नजर जायची ती कॅलेंडरकडेच.

पुढे दिवाळी अंक हाती आले. रघुवीर मुळगावकर आणि दीनानाथ दलाल यांच्या मुखपृष्ठांवरच्या देखण्या बायका घरात राजरोस यायच्या. मधुकर पाटकरांनी १९५१ साली सुरू केलेला ‘आवाज’ मात्र वडीलधाऱ्यांची पाठ वळल्यावर उघडायचा. त्यातल्या खिडकीचित्रात भलतंच काही दिसायचं आणि पान उलटलं की साधंसुधंच निघायचं. चावटपणा बघणाऱ्याच्या डोक्यातला, फजितीही त्याचीच.

आता कॉलेजात जाणारी भाची जपानी अॅनिमे दाखवते. टपोरे डोळे, मुठीत मावेल अशी कंबर. पण मंकी पंच यांच्या १९६७च्या ‘लुपिन द थर्ड’ या चित्रकथेतून अॅनिमेत आलेली फुजिको मिने नुसती उभी राहत नाही. चोर लुपिन भाळतो, ती लूट घेऊन पसार होते. रुमिको ताकाहाशी या लेखिकेच्या चित्रकथेतून १९७८ साली आलेली लम वाघाच्या पट्ट्यांच्या बिकिनीत उडते आणि भलतीकडे बघणाऱ्या तिच्या माणसाला विजेचा झटका देते.

आपल्याकडे मोहिनीनं हेच केलं. राजा रविवर्म्यानं तिला झोपाळ्यावर बसवलं, पण नेवाशाला मोहिनीराज म्हणून आणि म्हार्दोळला म्हाळसा म्हणून जिला हात जोडतात, ती पंगतीत अमृत वाढता वाढता असुरांचा डाव उलटवणारी. म्हणून चित्रातली बाई मोहक आहे याचं मला वावडं नाही. तिच्या हातांना काम काय दिलंय, एवढं मी बघतो.

हे भाचीला ऐकवलं. ती म्हणाली, “मामा, तिजोरी फोडायला लुपिन कोट घालून जातो. फुजिकोला मात्र गळा उघडा टाकूनच जावं लागतं.”

खरंय. काम मिळालं, तरी बघणाऱ्यांची वसुली काही सुटत नाही.