भुताचा हिशेब

भुताखेतांवर आमच्या घरात कोणाचाच विश्वास नाही. त्यामुळे थोरल्या मुलीने भयपटांच्या कलाविभागात काम धरले तेव्हा आम्ही चिडलो. बँकेच्या परीक्षा सोडून हे काय? ती म्हणाली, "बाबा, भूत नसतंच, म्हणून तर ते बनवावं लागतं."

१८ दिवस तिने एका छोट्या चित्रपटासाठी भिंती काळ्या केल्या, जळमटे लावली. पैसे आले नाहीत. हाती एकही कागद नव्हता. आता ही सोडील, असे आम्हास वाटले. तिने मात्र रविवारी आम्हाला शेजारी बसवून 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' हा जुना अमेरिकन चित्रपट दाखवला व त्याची हकिकत सांगितली.

१९६८ साली पिट्सबर्ग शहरात तो प्रथम झळकला. जॉर्ज रोमेरो व त्यांचे सोबती तेथे जाहिरातपट बनवीत. १० जणांनी प्रत्येकी ६०० डॉलर घालून सुरुवात केली. एकूण खर्च सुमारे १ लाख १४ हजार डॉलर झाला. पाडायला निघालेले शेतावरचे घर हाच सेट. रक्त म्हणून चॉकलेटचे सिरप. चित्रपट कृष्णधवल, म्हणून खपून गेले. कार्ल हार्डमन निर्मात्यांपैकी एक, पण त्यांनी रंगभूषा केली आणि भूमिकाही केली. नायक झाले कृष्णवर्णीय ड्वेन जोन्स, कारण चाचणीत तेच सरस ठरले. त्या काळी ही लहान गोष्ट नव्हती.

पुढे वितरकाने चित्रपटाचे नाव बदलले आणि नव्या पाटीवर स्वामित्वहक्काची ओळ घालायची राहिली. तेव्हाच्या अमेरिकी कायद्याने त्या एका ओळीपायी हक्कच गेला. कोणीही प्रती काढून विकाव्यात, बनविणाऱ्यांना मात्र त्यातला छदामही मिळू नये!

आम्ही पडलो कारकून. ही चूक आम्हाला फार झोंबली. मुलीने काम चोख केले होते; कागद करून घ्यायला आम्हीच तिला शिकवले नव्हते.

पुढच्या कामाआधी आम्ही तिच्यासोबत बसून पानभर मजकूर लिहिला: कामाचे दिवस, रोज, जाण्यायेण्याचा खर्च, नामावलीत नाव, पैसे देण्याची तारीख. निर्मात्याने कुरकुरत का होईना, सही केली. मागचे पैसे अजून आलेले नाहीत. त्यासाठी मागणीपत्र पोस्टाने धाडले आहे. बँकेचा फॉर्म यंदा आम्ही आणला नाही.

बंधूभगिनींनो, आपली मुले नव्या वाटा धरतील, धरू द्या. सही केलेला कागद घेतल्याखेरीज कामाला हात लावू नका, एवढे मात्र त्यांना घरातूनच सांगा.