साठ माणसांचा बटाटा

मराठी घरात कॅसरोल म्हणजे पोळ्यांचा डबा, त्यामुळे या पदार्थाला ते नाव कधी चिकटलं नाही. ‘बेक डिश’ म्हटलं की कळतं. यंदा थर्टी फर्स्टला सोसायटीच्या गच्चीवर ती माझ्याकडे आहे. माणसं साठ, त्यांतली आठ जैन.

*

बटाटे ७ किलो. दूध ४ लिटर. लोणी आणि मैदा २४०-२४० ग्रॅम. चीज २ किलो, त्यातलं अर्धा किलो मोझरेला. मिरपूड, जायफळ, बारीक चिरलेली हिरवी मिरची. मिरची हवीच. नुसत्या दुधा-बटाट्याचा तिसरा घास जड जातो.

*

डिसेंबरअखेर मुलुंडच्या बाजारात जुना आणि नवा असे दोन्ही बटाटे असतात. कोल्ड स्टोरेजच्या थंडीत बटाट्यातल्या स्टार्चची थोडी साखर होते. म्हणून जुना कधी गोडसर लागतो आणि तळला की काळपट पडतो. नव्याची साल अंगठ्याने निघते, त्याचे काप मोडत नाहीत. भाजीवाला बजावत होता, “ताई, वड्याला हा नेऊ नका, चिकट होईल.” मला तोच हवा होता.

*

आदल्या रात्री गार मिठाच्या पाण्यात सालासकट चढवले, किंचित कच्चे असतानाच उतरवले, रात्रभर फ्रिजमध्ये. गार झाला की आतला स्टार्च घट्ट बसतो, सकाळी सुरी सरळ उतरते. गरम बटाटा कापायची घाई केली की लगदाच होतो.

*

घाटकोपरच्या वल्लभबाग लेनमध्ये डोशावर किसलेल्या चीजचा डोंगर घालतात. तिथे तो शोभतो, कारण डोसा तव्यावरून थेट हातात येतो. गच्चीवर ताट घेऊन माणसं गप्पा मारतात, तोवर वरचं चीज चामड्यासारखं होतं. माझं ठाम मत आहे की चीज सॉसमध्ये जायला हवं. आपलं प्रोसेस्ड चीज यासाठी उत्तम. त्यातल्या क्षारांमुळे स्निग्धांश सुटत नाही, सॉस फुटत नाही. त्याला तार मात्र येत नाही, म्हणून वर थोडंसं मोझरेला.

दूध जाड बुडाच्या पातेल्यात. तरी खाली लागलंच, तर खरवडायचं नाही, वरचं अलगद दुसऱ्या भांड्यात ओतायचं. खरवडलं की करपट वास चारही लिटरला लागतो.

*

घरचं प्रमाण दसपट करून खोल भांड्यात भरायचं नाही. मागे एकदा मी तेच केलं होतं. वरचा थर करपला, मधला गारच राहिला, आणि शेवटच्या पंगतीतल्या मुलांना थंड बटाटा वाढावा लागला. ते अजून खुपतं. ट्रे कितीही लांबरुंद असो, थर दोन इंचांचाच.

*

घरच्या ओव्हनमध्ये एकच ट्रे मावतो. बाकीचे गल्लीतल्या बेकरीत. लहानपणी दिवाळीत नानकटाईचे ट्रे आम्ही असेच नावाची चिठ्ठी लावून न्यायचो, आणि परतताना ट्रे हातात असे तरी वास पुढे पळायचा. २०२५च्या जानेवारीत उच्च न्यायालयाने मुंबईतल्या लाकूड-कोळशाच्या भट्ट्यांना सहा महिन्यांत स्वच्छ इंधनावर जायला सांगितलं. ही भट्टी आता गॅसवर आहे. लाकडाच्या आचेची आठवण येते, पण धुराखाली राहणाऱ्या घरांचा विचार केला की हेच बरं वाटतं. संध्याकाळचे पाव निघाल्यावर भट्टीत उरलेली ऊब सॉसला पुरते, फक्त वरचा रंग यायला वेळ लागतो.

*

दुसऱ्या मजल्यावरच्या बा कंदमूळ खात नाहीत, शिळं खात नाहीत, सूर्यास्तानंतर जेवत नाहीत. चीजच्या पाकिटावरचा हिरवा ठिपका त्यांनी स्वतः पाहिला. बेकरीत अंड्याचे केक होतात, म्हणून त्यांचा ट्रे घरच्या ओव्हनमध्ये. बटाट्याऐवजी कच्ची केळी, सालासकट वाफवलेली. सॉस त्याच दिवशीचा, सुरी-डाव वेगळे. केळं कोरडं असतं, सॉस दीडपट लागतो. ३१ डिसेंबरला सूर्य सव्वासहाच्या आत मावळतो, म्हणून सगळं वेळापत्रक तिथून मागे मोजलं. साडेचारला ओव्हन सुरू, पावणेसहाला बांच्या हातात ताट.

त्या एकट्या जेवू नयेत म्हणून तिसऱ्या मजल्यावरची मुलं तेव्हाच गच्चीत आली आणि त्यांनीही केळ्याचंच मागून घेतलं.

*

बटाट्याचा अर्धा ट्रे उरला. केळ्याचा ट्रे सातच्या आत रिकामा. पुढच्या वर्षी कच्ची केळी दोन डझन जास्त.