झांकलेला आरसा

गेल्या आठवड्यांत आमच्या कन्येनें बर्मिंगहॅमहून एक छायाचित्र धाडलें. विटांची जुनी पाणचक्की, तिचें उंच धुराडें, जवळच तळें; आणि खालीं एकच ओळ : 'बाबा, तुमची गिरणी.' ही सेअरहोलची चक्की. पुढें ऑक्सफर्डास प्राध्यापक झालेला ग्रंथकार टोल्कीन १८९६ ते १९०० या काळांत, चौथ्या वर्षापासून आठव्या वर्षापर्यंत, तिच्या शेजारीं राहत होता. त्याच्या ग्रंथांचें वेड आम्हांस विद्यार्थिदशेंत लागलें, तें अद्याप सुटलेलें नाहीं. वर्गांत मात्र आम्हीं जन्मभर मिल्टनच शिकवला. छायाचित्र पाहतांच आम्हांस आठवली ती दुसरी गिरणी, सॅमनें आरशांत पाहिलेली.

कथा ज्यांस ठाऊक नसेल त्यांच्यासाठीं थोडें सांगितलें पाहिजे. १९५४ सालीं प्रसिद्ध झालेल्या 'द फेलोशिप ऑफ द रिंग' या खंडांत लोथ्लोरिएन नांवाचें एक वन आहे, आणि गॅलॅड्रिएल ही तेथील स्वामिनी. एका सायंकाळीं ती फ्रोडो व त्याचा माळी सॅम यांस एका हिरव्या खळग्यांत नेते. तेथें चांदीचें एक उथळ पात्र आहे. झऱ्याचें पाणी ती त्यांत ओतते, त्यावर हळूच फुंकर घालते, आणि पाणी निवळलें कीं पाहावयाचें आहे का, असें विचारते. आपल्याकडे पायाळू माणसाच्या डोळ्यांत अंजन घालीत. त्यास दिसलें तें धन जमिनीखालीं असलेंच पाहिजे, अशी समजूत. पत्रिका मांडणारा जोशीही होणार तेंच सांगतो. या पाण्याचें तसें नाहीं. झालेलें, होत असलेलें आणि कदाचित् होईल असें तिन्ही त्यांत सरमिसळ दिसतें, व त्यांतलें कोणतें कोणतें हें शहाण्यांसही नेहमीं सांगतां येत नाहीं.

सॅमला काय दिसलें? गांवचीं झाडें तोडलीं जात आहेत, जुनी गिरणी जाऊन तेथें विटांची मोठी इमारत उठत आहे, धुराड्यांतून काळा धूर निघत आहे, आणि त्याचा म्हातारा बाप आपलें किडुकमिडुक हातगाडीवर घालून टेकडी उतरत आहे. पोरगा कळवळून उठतो. मला घरीं गेलें पाहिजे म्हणतो. गॅलॅड्रिएल त्यास खोटा धीर देत नाहीं. तिचें म्हणणें एवढेंच, कीं यांतल्या कांहीं गोष्टी पाहणारा त्या टाळण्यासाठीं आपली वाट सोडतो म्हणूनच घडतात. सॅम मटकन खालीं बसतो. शेवटीं धन्याबरोबर लांबच्या वाटेनेंच घरीं जाईन, नाहीं तर मुळींच नाहीं, असें ठरवतो. १९५५ सालच्या अखेरच्या खंडांत तो परततो तेव्हां झाडें खरोखरच तुटलेलीं असतात. बाप मात्र जिवंत असतो.

त्याच पाण्यांत सॅमनें आणखी एक दृश्य पाहिलें होतें : काळ्या कड्याखालीं फ्रोडो फिकट चेहऱ्यानें निजलेला. पुढें तें दृश्य प्रत्यक्ष समोर आल्यावर तो म्हणतो, हा निजलेला नव्हे, मेलेला. आणि तेथेंच तो चुकतो! फ्रोडो विषानें नुसता निश्चेष्ट झालेला असतो. पहिलें भाबडें वाचनच खरें होतें.

आमचा आरसा आमच्या वडिलांनीं झांकून ठेवला होता. १९९३ सालीं आम्ही पुण्यास एम. ए. च्या परीक्षेस बसलों होतों. कोकणांतून दर आठवड्यास त्यांचें कार्ड येई : सर्व क्षेम, अभ्यास करावा. अक्षर वांकडें होत चाललें होतें. त्याचें कारण त्यांनींच लिहिलें, कीं नवें पेन नीट उठत नाहीं; आणि आम्हीं तें मानलें. मानणें सोयीचें होतें, हेंही लिहिलें पाहिजे. शेवटचा पेपर देऊन रात्रीच्या एस. टी. नें घरीं पोंचलों तों ते दोन महिने अंथरुणास खिळलेले. घरांतल्या सर्वांस त्यांनीं शपथ घातली होती. त्यानंतर आम्हांस त्यांचे अकरा दिवस मिळाले. परीक्षेंत प्रथम वर्ग मिळाला. यावरून आम्ही त्यांच्याशीं तीस वर्षें मनांतल्या मनांत भांडत आहों, आणि दर वेळीं तेच जिंकतात, कारण त्या दोन महिन्यांत घरीं जाऊन आम्हीं काय केलें असतें, याचें उत्तर आम्हांजवळ नाहीं.

महिन्यापूर्वीं डॉक्टरांनीं आम्हांस सांगितलें कीं हृदयाची एक झडप बदलावी लागेल. तारीख ठरली आहे. तिच्या नंतर पंधरा दिवसांनीं कन्येची पीएच. डी. ची तोंडी परीक्षा. तिला कांहीं कळवावयाचें नाहीं, असें आम्हीं ठरवून टाकलें. इतक्या सहज, कीं आमचें आम्हांसच बरें वाटलें. पत्नीनें भाजी चिरतां चिरतां एवढेंच विचारलें, "अहो, तुमच्या वडिलांनीं तुम्हांला विचारलें होतें का?"

गॅलॅड्रिएलनें सॅमला विचारलें होतें. पाहावयाचें कीं नाहीं हें त्यानें ठरवावयाचें होतें.

छायाचित्राखालीं आम्हीं उत्तर लिहिलें : 'गिरणी सुंदर आहे. माझ्या प्रकृतीविषयीं कांहीं आहे. आतां ऐकणार, कीं परीक्षेनंतर?' पुढें 'घाबरण्यासारखें नाहीं' असें जोडा, असें पत्नी म्हणाली. तें आम्हीं लिहिलें, आणि पुन्हां पुसलें. पांच मिनिटांत फोन वाजला.